निवेदिका आणि फुलराणी

(वसईतील एका स्मृती व्याख्यानमालेत दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



विषय कळवला तेव्हा संयोजकांपैकी एकांनी फोनवर विचारलं, "बाई, भक्ती बर्व्यांवर बोलायचं तर 'ती फुलराणी'वर बोला ना. दूरदर्शन कशाला मध्ये? फुलराणी म्हटलं की हॉल भरेल." हॉल भरलेला दिसतोय, म्हणजे जाहिरातीत त्यांनी फुलराणीचं नाव घातलंच असणार. भक्ती बर्व्यांच्या त्या नाटकाकडे, फुलराणीकडे, मी येणार आहे. पण वरळीवरून वळसा घेऊन येणार आहे, कारण माझ्या मते फुलराणीची निम्मी तालीम वरळीच्या दूरदर्शन केंद्रात झाली होती.

आपल्याकडे नटीचं चरित्र लिहिण्याची एक ठरलेली रीत आहे. आधी बालनाट्य, मग स्पर्धेतली नाटकं, मग व्यावसायिक रंगभूमी, दोन-चार चित्रपट, शेवटी पुरस्कारांची यादी. या सगळ्यात कुठंतरी एक वाक्य येतं: काही काळ त्या आकाशवाणी आणि दूरदर्शनवर निवेदिका होत्या. लिहिणारा ते वाक्य टाकून पुढे निघून जातो. जणू बाईंनी मधली काही वर्षं बँकेत नोकरी केली होती! आज मला त्या एका वाक्यापाशी थांबायचं आहे.

थोडं लांबून सुरुवात करते. ११ सप्टेंबर १९२८ रोजी अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यातल्या स्केनेक्टडी या गावी जनरल इलेक्ट्रिक कंपनीच्या केंद्रातून 'द क्वीन्स मेसेंजर' ही एकांकिका दूरचित्रवाणीवरून दाखवली गेली. दूरचित्रवाणीवरचं हे पहिलं नाटक मानतात. पडदा तळहाताएवढासुद्धा नव्हता. त्यात अख्खा माणूस मावेना, म्हणून तीन कॅमेरे लावले आणि नटांची वाटणी केली. नायिकेचा चेहरा इझेटा ज्यूएल या अभिनेत्रीचा आणि तिचे हात दुसऱ्याच बाईचे! ज्यूएलबाई रंगभूमीवर गाजलेल्या, राजकारणातही उतरलेल्या, अमेरिकी सिनेटच्या उमेदवारीसाठी लढलेल्या. भरल्या सभागृहाला आवाज पोहोचवण्याची त्यांना सवय. आणि इथं त्यांना सांगितलं गेलं की मान हलवू नका, चौकटीबाहेर जाल.

पुढं १४ जुलै १९३० ला लंडनमध्ये बीबीसी आणि दूरचित्रवाणीचे प्रवर्तक बेअर्ड यांनी इटालियन नाटककार पिरांदेल्लोची एकांकिका केली. मग महायुद्धानंतरच्या काळात इंग्लंड-अमेरिकेत थेट नाटकांचा मोसमच आला. दर आठवड्याला नवं नाटक, आणि ते ज्या क्षणी घडतंय त्याच क्षणी घरोघर दिसतंय. या काळातला एक प्रसंग नाटकवाल्यांनी विसरू नये असा आहे. ३० नोव्हेंबर १९५८ ला 'आर्मचेअर थिएटर' या ब्रिटिश मालिकेत 'अंडरग्राउंड' नावाचं नाटक थेट चालू होतं. गॅरेथ जोन्स हा तरुण नट दोन प्रवेशांच्या मधे कॅमेऱ्याआड कोसळला आणि गेला. बाकीचे नट त्याच्या येण्याची वाट पाहत कॅमेऱ्यासमोर उभे. दिग्दर्शकाने नाटक थांबवलं नाही. त्याची वाक्यं आपापसात वाटून घेत, जुळवून घेत त्यांनी नाटक शेवटाला नेलं. घरी बसलेल्या प्रेक्षकाला नाटक नीट पार पडल्यासारखंच दिसलं.

रंगभूमीवर असं झालं असतं तर पडदा टाकता आला असता. पुढच्या रांगेतले चार डॉक्टर धावत आले असते. थेट प्रक्षेपणात नटाला प्रेक्षक दिसत नाही आणि सुटकेचा पडदाही नाही. चुकलं तर सगळ्या शहरासमोर चुकलं, आणि साधलं तर टाळी ऐकू येत नाही. हे दोन्ही एकदम सोसायला वेगळं काळीज लागतं.

आता आपल्या मुलखात येऊ. दिल्लीला १५ सप्टेंबर १९५९ रोजी प्रायोगिक केंद्र सुरू झालं. देशातलं दुसरं केंद्र मुंबईचं, वरळीला, २ ऑक्टोबर १९७२ ला. मधे तेरा वर्षं गेली. ही तेरा वर्षं मला महत्त्वाची वाटतात, कारण याच काळात मुंबईत मराठी नट-नट्यांची एक अख्खी पिढी तयार झाली. १९५९ मध्ये सुधा करमरकरांनी लिटल थिएटर काढून 'मधुमंजिरी' रंगवलं आणि मुलांच्या नाटकाला व्यावसायिक शिस्त लावली. १९६० मध्ये 'रंगायन' ही नाट्यसंस्था आली, १९७१ मध्ये 'आविष्कार'. राज्य नाट्य स्पर्धा १९५४ पासून चालूच होती. म्हणजे वरळीला स्टुडिओचे दिवे लागले तेव्हा त्यांच्यासमोर उभं राहायला माणसं तयार होती. दादरचं शिवाजी मंदिर, गिरगावचं साहित्य संघ मंदिर, चर्चगेटजवळची आकाशवाणी आणि वरळीचं दूरदर्शन ही चारही ठिकाणं एका नटीला एका दिवसात पुरी करता येतील इतकी जवळ होती. सकाळी आकाशवाणीवर नभोनाट्य, दुपारी दूरदर्शनवर तालीम, रात्री शिवाजी मंदिरात प्रयोग. आपल्या बाजूच्या कलाकारांना मात्र या सगळ्यानंतर शेवटची विरार लोकल गाठायची असे, आणि ती गाठण्यासाठी तिसऱ्या अंकात किती वेग वाढवावा लागतो हे इथल्या जुन्या हौशी मंडळींना मी सांगायला नको.

केंद्रात निर्मात्यांच्या खुर्चीवर बसलेली माणसंही नाटकातूनच आलेली होती. विनायक चासकरांचा 'गजरा' हा कार्यक्रम तुम्हाला आठवत असेल. त्यातूनच दया डोंगरे घराघरात पोहोचल्या. सुहासिनी मुळगावकर स्वतः अभिनेत्री, 'सौभद्र' एकटीने उभं करणाऱ्या. त्यांनी संगीत नाटकं पडद्यावर आणली. विजया धुमाळे यांनी पुढे चिं. वि. जोश्यांचे चिमणराव-गुंड्याभाऊ केले, दिलीप प्रभावळकर आणि बाळ कर्वे यांना घेऊन. निर्मात्यांमध्ये बायका होत्या हे आज कुणाला विशेष वाटणार नाही. १९७२ मध्ये मुंबईतल्या किती नाटक कंपन्यांचा कारभार बाईच्या हातात होता ते मोजून पाहा, म्हणजे कळेल.

इथं एक गैरसमज दूर करायला हवा. इंग्लंड-अमेरिकेसारखं आपल्याकडे दर आठवड्याचं नाटक थेट जात होतं असं मी म्हणत नाही. चित्रमुद्रणाचं यंत्र अमेरिकेत १९५६ मध्येच आलं होतं, आणि मुंबई केंद्र त्यानंतर सोळा वर्षांनी उघडलं. त्यामुळे आपल्याकडे सरमिसळ झाली. निवेदनं थेट, बातम्या थेट. नाटकं बहुतेक फितीवर घेतलेली, पण घेण्याची पद्धत थेट प्रक्षेपणाचीच. त्या काळची ती रुंद फीत कापून जोडणं म्हणजे मोठा खटाटोप. म्हणून प्रवेश सलग घ्यायचा. तीन कॅमेरे एकाच वेळी चालू, वरच्या नियंत्रण कक्षात बसलेला निर्माता कुठल्या क्षणी कुठला कॅमेरा घ्यायचा ते सांगणार, आणि खाली कानाला हेडफोन लावलेला फ्लोअर मॅनेजर हाताच्या खुणांनी नटांना हलवणार. बाराव्या मिनिटाला कुणी अडखळलं तर पहिल्या मिनिटापासून पुन्हा. आणि स्टुडिओ तेवढ्याच वेळेपुरता मिळालेला, दाराबाहेर दुसऱ्या कार्यक्रमाची मंडळी नेपथ्य घेऊन उभी. अशा वेळी "पुन्हा घेऊ" हे दोन शब्द कुणी सहसा उच्चारत नसे.

नाटकातल्या बाईला या स्टुडिओत काय काय विसरावं लागे? एक म्हणजे आवाज. शिवाजी मंदिराच्या शेवटच्या रांगेसाठी कमावलेला आवाज इथं डोक्यावर लटकणाऱ्या मायक्रोफोनला फोडून काढी. दुसरं, चालणं. जमिनीवर खडूच्या खुणा केलेल्या असत. त्या खुणेवर, खाली न बघता, थांबायचं. अर्धा हात पुढे गेलात तर चेहऱ्यावर मायक्रोफोनची सावली. तिसरं, कपडे. चित्र काळं-पांढरं, पांढरीशुभ्र साडी नेसलात तर दिव्यांखाली ती भगभगते आणि चेहरा काळवंडतो. बारीक रेघांची साडी पडद्यावर थरथरते. निळी आणि हिरवी एकाच करड्या रंगाच्या दिसतात, म्हणून दोन जावांना मोठ्या हौसेनं नेसवलेल्या वेगळ्या रंगांच्या साड्या पडद्यावर जुळ्या ठरत. चौथी आणि सगळ्यांत अवघड गोष्ट डोळ्यांची. नाटकात आपण समोरच्या अंधाराशी बोलतो, आणि तो अंधार श्वास घेत असतो. इथं समोर काचेचा डोळा, त्यावर लाल दिवा. दिवा लागलेला असेल तो कॅमेरा आपल्याला पाहतोय. पण नाटकात त्याच्याकडे बघायचं नाही, आणि निवेदनात फक्त त्याच्याकडेच बघायचं.

या शेवटच्या फरकावर भक्ती बर्वे उभ्या आहेत. त्यांच्या पिढीत दोन्ही करणाऱ्या नट्या थोड्या होत्या.

त्यांचा जन्म १० सप्टेंबर १९४८ चा, सांगलीचा. अभिनयाचे पहिले धडे सुधा करमरकरांच्या बालनाट्यांत. मग आकाशवाणीवर निवेदिका, आणि मुंबई दूरदर्शन सुरू झालं त्या काळात तिथल्या पडद्यावर. चोविशी नुकतीच गाठलेली मुलगी. तेव्हा वाहिनी एकच आणि तीही संध्याकाळचे काही तास. त्यामुळे निवेदिका ही प्रत्येक टीव्हीवाल्या घरातली रोजची पाहुणी.

निवेदन हे बिनमहत्त्वाचं काम आहे असं वाटत असेल तर आठवून पाहा. संध्याकाळी कार्यक्रम चालू आहे. मधेच चित्र जातं, आणि पडद्यावर ती सुप्रसिद्ध पाटी लागते: व्यत्यय. फिल्म तुटली असेल, यंत्र रुसलं असेल. पाटी किती वेळ ठेवणार? मग निवेदिका येते. तिला कारण माहीत असेलच असं नाही, किती वेळ काढायचा तेही माहीत नाही, तिच्यासमोर लिहिलेलं काही नाही, आणि कॅमेऱ्यामागून फ्लोअर मॅनेजर दोन बोटं ताणून खूण करतोय: लांबव, लांबव. तिने गडबडायचं नाही. जणू हे ठरलेलंच होतं अशा थाटात बोलायचं. संहिता नाही, सहकलाकार नाही, प्रेक्षक दिसत नाही, आणि प्रयोग चालू आहे! मी याला अभिनय म्हणते. ज्या मुलीने अशी व्यत्ययांची संध्याकाळ निभावली, तिला रंगमंचावर समोरच्या नटाने वाक्य गाळलं तर काय वाटणार? काहीच नाही.

याच केंद्रावर बातम्या वाचणारी दुसरी एक मुलगी होती, स्मिता पाटील. जीन्सवरच साडी गुंडाळून ती बातम्या वाचायला बसे, ही गोष्ट इतक्यांदा सांगितली गेली आहे की तिच्यात आता गंमत उरलेली नाही. मला त्या गोष्टीपेक्षा हे महत्त्वाचं वाटतं की श्याम बेनेगलांनी तिला पाहिलं ते बातम्या देताना. कॅमेऱ्याकडे सरळ, न लाजता, न हसता पाहणारा चेहरा त्यांना तिथं दिसला. तिला 'चरणदास चोर' आणि 'निशांत' मिळाले ते या पाहण्यामुळे. स्मिता पाटील सिनेमाकडे गेल्या, भक्ती बर्वे रंगभूमीवर राहिल्या. पण दोघींनी अक्षरं गिरवली ती एकाच पाटीवर.

आता माझ्या मूळ मुद्द्याकडे येते, आणि इथं मला वसईची मदत लागणार आहे.

वरळीचा मनोरा आपल्यापासून सरळ रेषेत चाळीसएक किलोमीटर. टीव्ही घेतलेल्या घरांवर उंच बांबूला बांधलेला अँटेना दक्षिणेकडे तोंड करून उभा असे, आणि वाऱ्याने किंवा कावळ्याने तो फिरला की पडद्यावर मुंग्या. टीव्हीला परवाना लागे, त्याची वार्षिक फी भरावी लागे. ती पद्धत १९८५ मध्ये बंद झाली. गावात टीव्ही एखाद्याच घरी. शनिवारच्या मराठी चित्रपटाला त्या घराची पडवी भरून अंगणात माणसं. त्या पडवीत कोण बसलेलं असे? घरी कादोडी ही वसईकडची बोली बोलणारी कुपारी मंडळी, सामवेदी ब्राह्मण, वाडवळी बोलणारे वाडवळ, पाचूबंदर-अर्नाळ्याकडचे कोळी, ईस्ट इंडियन. एका पडवीत चार-पाच मराठ्या! आणि समोरच्या काचेत एक बाई, जिची मराठी यांच्यापैकी कुणाच्याच घरातली नव्हती. प्रत्येक शब्दाला न्याय देणारी, 'ण' आणि 'न' वेगळे ठेवणारी, वाक्याच्या शेवटी स्वर नेमका खाली आणणारी.

आमच्या घरात आजी कादोडीत बोलायची आणि आम्ही मुलं शाळेत तिचं बोलणं लपवायचो. निवेदिका बोलायला लागली की आजी गप्प होऊन ऐकायची. तिला कळत नव्हतं असं नाही. ती ऐकायची ते पोथी ऐकल्यासारखं. आणि आम्ही मुली आरशासमोर उभ्या राहून निवेदिकेसारखं बोलून पाहायचो. बाकी कुणी शिकवायच्या आधी प्रमाण मराठी आम्हाला त्या काचेतल्या बायांनी शिकवली. ती शिकवताना त्यांनी आमच्या आजीच्या बोलीला नावं ठेवली नाहीत, पण काम तेच झालं.

आता हे डोक्यात ठेवून 'ती फुलराणी'कडे बघा. बर्नार्ड शॉच्या 'पिग्मॅलियन'वरून पु. ल. देशपांड्यांनी केलेलं नाटक, पहिला प्रयोग २९ जानेवारी १९७५, इंडियन नॅशनल थिएटरची निर्मिती. रस्त्यावर फुलं विकणारी मंजुळा, म्हणजे भक्ती बर्वे, आणि तिला शुद्ध बोलायला शिकवून समाजात मिरवून दाखवण्याची पैज लावणारा प्राध्यापक, म्हणजे सतीश दुभाषी. मंजुळेच्या जिभेवर प्राध्यापक जे संस्कार करतो ते कोणत्या भाषेचे? निवेदिकेच्याच. मुंबईतल्या प्रेक्षकांनी ज्या तोंडून रोज संध्याकाळी प्रमाण मराठी ऐकली होती, तेच तोंड पडदा उघडल्यावर फुटपाथची भाषा बोलायला लागलं. गंमत फक्त मंजुळा कशी बदलते याची नव्हती. ही निवेदिका बदलून फुटपाथवर कशी येते, हीही गंमत होती. ती प्रेक्षकांना कळत होती, कारण मधल्या सव्वादोन वर्षांत त्यांनी ही बाई घरातल्या काचेत पाहिली होती.

आणि पु. ल. हे चाचपडत लिहिणारे लेखक नव्हते. ते आकाशवाणीत होते, बीबीसीत वर्षभर शिकून आले होते, आणि दिल्लीला दूरचित्रवाणी बाळसं धरत होती तेव्हा तिथं काम केलेल्या पहिल्या काही माणसांत होते. पंडित नेहरूंची दूरचित्रवाणीवरची पहिली मुलाखत त्यांनी घेतली. निवेदनाची भाषा कशी घडवतात, कुठं घासतात, कुठं तिचा जीव जातो, हे त्यांना आतून ठाऊक होतं. अशा लेखक-दिग्दर्शकाच्या हाती अशी नटी लागणं याला मी योगायोग म्हणणार नाही. दोघंही एकाच कारखान्यातून आलेली माणसं.

नाटकातलं मंजुळेचं ते प्रसिद्ध स्वगत आज कुणाच्याही मोबाइलवर मिळतं. मुली स्पर्धांमध्ये ते म्हणतात, आणि परीक्षक म्हणून मी ते इतकं ऐकलं आहे की एखाद्या मुलीने दुसरं काही म्हटलं तर तिला तेवढ्यासाठी दोन गुण जास्त द्यावेसे वाटतात. ऐकताना नेहमी एकच जाणवतं. मुली राग आणतात, आवाज चढवतात, हातवारे करतात. भक्ती बर्व्यांच्या बोलण्यात मात्र चढलेल्या आवाजातही शब्द विस्कटत नाही. अशुद्ध शब्दसुद्धा शुद्ध ऐकू येतो. प्रत्येक अक्षर शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचतं आणि तरीही ती बाई अडाणीच वाटते. हे आरडाओरड्याने साधत नाही. त्याला मायक्रोफोनसमोर काढलेल्या असंख्य संध्याकाळी लागतात.

दुसरा पुरावा खुद्द दूरदर्शनचाच. 'बहिणाबाई' या दूरदर्शनपटात त्यांनी बहिणाबाई चौधरींची भूमिका केली. बहिणाबाई जळगावजवळच्या असोद्याच्या, १८८० ते १९५१ हा त्यांचा काळ, लिहिता-वाचता न येणाऱ्या, आणि कविता लेवा गणबोलीतल्या. त्यांच्या पश्चात मुलगा सोपानदेव याने जपलेल्या त्या कविता आचार्य अत्र्यांच्या पुढाकाराने १९५२ मध्ये पुस्तकात आल्या. म्हणजे पुन्हा तेच! सांगलीच्या घरातून आलेली, प्रमाण उच्चारांसाठी पगार घेतलेली बाई, खेड्यातल्या शेतकरणीच्या बोलीत शिरते, आणि ज्या माध्यमाने सगळ्या महाराष्ट्राच्या जिभा एकाच साच्यात घातल्या त्याच माध्यमावर ती बोली घरोघर ऐकवते. मंजुळा विनोदी होती, तिच्या बोलीवर हसायला परवानगी होती. बहिणाबाईच्या बोलीवर हसणं शक्य नव्हतं. भूमिका म्हणून मी 'बहिणाबाई'ला 'फुलराणी'पेक्षा अवघड मानते. संयोजकांनी रागावू नये.

आमच्या आजीसारख्या बाईला हे दिसलं असतं तर काय वाटलं असतं, असं मनात येतं. काचेतली बाई आपल्यासारख्याच एका बाईच्या बोलीत बोलतेय, आणि सगळे गंभीरपणे ऐकताहेत. ती बोली आपली नसेल, खानदेशातली असेल. पण बोलीत बोलून शहाणं असता येतं, हे दूरदर्शनने सांगितलं, आणि सांगण्यासाठी एका माजी निवेदिकेचा गळा वापरला.

वसईच्या लोकांना आणखी एका दूरदर्शनपटाची आठवण करून द्यायला हवी, विषयाच्या थोडं बाहेर जाऊन. विजया मेहतांनी लक्ष्मीबाई टिळकांच्या आत्मचरित्रावरून 'स्मृतिचित्रे' केला; त्यात सुहास जोशी होत्या, स्वतः विजयाबाई होत्या. धर्मांतर झालेल्या घरातली मराठी बाई, तिचा फटकळपणा, तिचं सोवळं सुटणं. टिळकांचं घराणं प्रॉटेस्टंट आणि आपल्याकडचे बहुतेक कॅथलिक, हा फरक इथल्या लोकांना बरोबर कळतो. तरी मराठी ख्रिस्ती घर पडद्यावर इतक्या गांभीर्याने क्वचितच दिसलं आहे. ती फीत टिकली म्हणून आपण तिच्याबद्दल बोलू शकतो.

सगळ्या टिकल्या नाहीत. चित्रफिती महाग होत्या, परदेशातून येत, आणि जागा कमी. म्हणून एक कार्यक्रम पुसून त्याच फितीवर दुसरा घेत. हे पाप एकट्या वरळीचं नाही, बीबीसीनेही आपली कितीतरी नाटकं अशीच पुसली. आणि जे थेट गेलं ते तर हवेतच गेलं. भक्ती बर्व्यांची व्यत्ययातली एकही संध्याकाळ आज आपल्याला बघता येत नाही. सह्याद्री वाहिनीने जुन्या संग्रहातलं बरंच काही आता इंटरनेटवर ठेवलं आहे, ते पाहून आनंद होतो. पण त्यात सापडणार ते नाटक, मुलाखत, गाणं. निवेदन कोण जपून ठेवणार? त्यामुळे चरित्रात एक वाक्य उरलं. निवेदिका होत्या, बस्स.

पुढचं वेगाने सांगते. १९८२ मध्ये दूरदर्शनवर रंग आले. १९८३ मध्ये 'जाने भी दो यारों'. त्यात भक्ती बर्वे म्हणजे 'खबरदार' या नियतकालिकाची संपादिका शोभा. कुंदन शाहांच्या त्या चित्रपटात सगळे पुरुष ओरडतात, धावतात, धडपडतात, आणि ही बाई अत्यंत शांत, गोड, स्वच्छ उच्चारात दोन्हीकडून पैसे खायचे बेत करते. निवेदिकेच्या आश्वासक आवाजाचं इतकं खवचट विडंबन दुसऱ्या कुणाला जमलं नसतं. १९८४ मध्ये 'हम लोग' ही मालिका आली आणि प्रायोजित मालिकांचा जमाना सुरू झाला. भक्ती बर्वे रंगभूमीवर राहिल्या. अशोक पाटोळ्यांचं 'आई रिटायर होतेय', संगीत नाटक अकादमीचा १९९० चा पुरस्कार, मग अजित दळवींच्या 'गांधी विरुद्ध गांधी'त कस्तुरबा. या सगळ्यावर भरपूर लिहिलं गेलंय, मी त्यात भर घालत नाही.

इथून नायगाव किती लांब? रिक्षाने जाता येतं. नायगावला आणि कामणच्या रस्त्याला मालिकांचे सेट उभे आहेत, हे तुम्हाला माझ्यापेक्षा जास्त ठाऊक. आज देशभर दिसणारे वाडे, देवळं, सासरघरं आपल्या खाडीकाठच्या शेडमध्ये आहेत. नालासोपारा-विरारच्या कितीतरी मुली तिथं काम करतात. कुणी मालिकेत, कुणी मागच्या गर्दीत. त्यांच्याशी बोलले तर त्या म्हणतात, "मॅडम, आम्हाला रात्री सीन मिळतो आणि सकाळी शूट." म्हणजे घाई तीच. फरक असा की आता चुकलं तर पुन्हा घेतात, आणि आवाज नंतर बदलताही येतो. त्यांतल्या काही मुली घरी कादोडी किंवा वाडवळी बोलतात, सेटवर हिंदी, आणि मुलाखतीत प्रमाण मराठी. तीन जिभा सांभाळणाऱ्या या मुलींना कुणी 'फुलराणी' शिकवायची ठरवली, तर मी म्हणेन की स्वगतापासून सुरू करू नका. आधी त्यांना तीन मिनिटं कॅमेऱ्याकडे बघून, हातात कागद न घेता, काहीही कारण नसताना बोलायला लावा.

शेवटच्या वर्षांत भक्ती बर्वे 'पु. ल., फुलराणी आणि मी' हा एकपात्री कार्यक्रम करत. पु. ल. १२ जून २००० ला गेले होते. कार्यक्रमात बाई एकट्या रंगमंचावर येत आणि लोकांशी सरळ बोलत. मधेच मंजुळा होत, मग पुन्हा स्वतः. म्हणजे निवेदिका आणि नटी या दोघी एकाच संध्याकाळी, एकाच साडीत. १२ फेब्रुवारी २००१ ला वाईहून हाच कार्यक्रम आटोपून परतताना मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावर मोटारीचा अपघात झाला आणि त्या गेल्या. वय बावन्न.

आता प्रश्न विचारायला हरकत नाही. आणि सभागृहात १९७२ ते १९७५ या काळात घरी टीव्ही असलेलं कुणी असेल, तर त्यांनी प्रश्न विचारू नये, आठवलेलं सांगावं. कुठल्या निवेदिकेने कोणत्या संध्याकाळी काय सांभाळून घेतलं, ते मी लिहून घेणार आहे.